सहा महिन्यांची अट आणि एकोणीस वर्षांचं पाकीट : जात पडताळणीचा धागा

आस्थापना_टेबल
परवा धायरीला एका वास्तुशांतीला गेलो होतो, तिथे पंगतीत ओळखीतल्यांचा मुलगा शेजारी बसला होता. त्याला नुकताच नेमणुकीचा आदेश आलाय, एसटीच्या म्हणजे अनुसूचित जमातीच्या जागेवर, आणि त्यात ती नेहमीची अट, सहा महिन्यांत जात वैधता प्रमाणपत्र सादर करावे अन्यथा सेवा समाप्त करण्यात येईल. मुलगा जिलबी खात खात म्हणाला, काका ही नुसती फॉर्मॅलिटी असते ना? मी हो पण म्हणालो नाही आणि नाही पण म्हणालो नाही. घरी आल्यावर झोप येईना म्हणून इथे लिहितोय.

मी एकतीस वर्षं पुण्यातल्या एका सरकारी ऑफिसात आस्थापना शाखेत काढली (कुठलं ते विचारू नका, सांगणार नाही) आणि ही फॉर्मॅलिटी एकोणीस वर्षं पडून राहिलेली मी पाहिलीय, त्यातली शेवटची काही वर्षं तर माझ्याच कपाटात.

१९९१ सालची भरती. रोस्टरच्या म्हणजे आरक्षणाच्या क्रमवारीच्या बिंदूवर एक जागा एसटीची. जो लागला तो माझ्याच वयाचा, कामाला एकदम चोख, नंतर आम्ही डबा एकत्र खायचो. जमात कुठली ते लिहीत नाही, लिहिलं की सगळा धागा तिकडेच जाईल. दाखला व्यवस्थित, गोल शिक्का, सही, सगळं. तो तेव्हाच्या टेबलवाल्याने पडताळणीला पाठवला, आणि जात पडताळणी समितीकडून त्रुटी लावून परत आला. त्रुटी काय? कार्यालयप्रमुखांची एका पानावर सही राहिली होती. बस्स. पाकीट आवकला नोंदवलं गेलं, बारनिशीत आहे तशी नोंद, आणि तिथून ते जे कपाटात गेलं ते गेलंच. टेबलवाला बदलला, मग अजून एक बदलला, मग मी आलो. चार्ज घेताना यादीवर सही केली त्यात त्या फायलीचा नंबर होता पण खरं सांगतो मी ती उघडली नाही. त्यानेही कधी विचारलं नाही, तो कशाला विचारेल.

२०१० ला रंगकामासाठी कपाटं हलवली तेव्हा पाकीट निघालं. सही घेऊन परत पाठवलं. २०१३ ला दावा अवैध ठरला. आजोबांच्या शाळेच्या रजिस्टरात जमातीचं नाव नव्हतंच, दुसरीच जात होती, नावात फक्त सारखेपणा. पुढे हायकोर्ट, स्टे, मग अधिसंख्य पद (मूळ जागेवरून बाजूला काढून दिलेलं जादा पद), आणि तिथूनच तो रिटायर झाला.

पण मला छळतं ते वेगळंच. त्याच फायलीत, पाकिटाच्या खाली, निवड यादीला टाचलेली प्रतीक्षा यादी होती. त्यावर एकच नाव. पत्ता आंबेगाव तालुक्यातला. टाचणी गंजली होती आणि तिचा तांबडा डाग बरोबर त्या नावावर उतरला होता. ते पाकीट ९२ सालीच एका सहीनिशी गेलं असतं तर माझा मित्र सव्विसाव्या वर्षी घरी गेला असता, वाईट वाटलं असतं, पण दुसरी नोकरी बघायचं वय होतं. आणि त्या दुसऱ्या मुलाला कदाचित ऑर्डर गेली असती. आता एकाने चाळिशी उलटल्यापासून रिटायर होईपर्यंत जीव मुठीत धरून नोकरी केली आणि दुसऱ्याला आजतागायत माहीतच नाही की त्याचं नाव कुठे टाचून ठेवलं होतं.

खरा कोण खोटा कोण यावर आपण तावातावाने भांडतो पण तपासणी वेळेत का होत नाही यावर कुणी ब्र काढत नाही. दाखला तपासायचा तो माणूस खुर्चीत बसायच्या आधी, असं माझं ठाम मत झालंय. आणि हो, एकोणीस वर्षांबद्दल मला किंवा माझ्या आधीच्या कुणाला साधा मेमोसुद्धा मिळाला नाही.

तुमचे अनुभव लिहा. आरक्षण असावं की नसावं यासाठी कृपया वेगळा धागा काढा.

कोथरूडी_मिसळ
वेगळा धागा कशाला, मूळ दुखणं तेच आहे. आरक्षणच नसतं तर दाखला नाही, पडताळणी नाही, पाकीट नाही. विषय संपला.

पर्वती_पायथा
आला. मी खिडकीत बसून वाटच बघत होतो की पहिला प्रतिसाद हाच येतोय का 😀

घोडनदी
काका, तो टाचणीचा डाग वाचला आणि पुढचं दोनदा वाचावं लागलं.

मी आंबेगावचाच, डिंभे धरणाच्या वरच्या अंगाचा, महादेव कोळी, सध्या पिंपरीत शिक्षक. मिसळराव, तुमच्याशी भांडायची इच्छा नाही, फक्त एवढं सांगतो की आमच्या गावात पावसाळ्यात एसटी बस बंद झाली की घोडेगावला यायला अर्धा दिवस जायचा, आणि माझा चुलता भरतीचा कॉल आल्यावर परीक्षेच्या दिवशी स्वारगेटला पोचला तेव्हा पेपर सुटला होता. तो किस्सा घरात हसत सांगतात अजून. असो.

लोकांना वाटतं बोगस म्हणजे कुणीतरी रातोरात खोटा शिक्का मारून आणतो. तसं कमीच. खरी गंमत नावांची आहे. महादेव कोळी आणि नुसता कोळी. हलबा आणि कोष्टी. मन्नेरवारलू आणि मुन्नूरवार. ठाकूर जमातीचे आणि ठाकूर आडनावाचे. एक शब्द पुढे लावला किंवा मागचा गाळला की माणूस एका यादीतून दुसऱ्या यादीत. त्यात १९७६ च्या दुरुस्तीपर्यंत बऱ्याच जमातींची मान्यता ठरावीक जिल्ह्या-तालुक्यांपुरतीच होती, म्हणजे डोंगर उतरून शहरात आलेल्या खऱ्या आदिवासीचा हक्क वेशीवरच संपायचा. ते बंधन निघालं हे योग्यच झालं पण त्याच दारातून नामसाधर्म्यवाले पण आले. आणि एक बघा, कातकरी असल्याचा खोटा दाखला काढलेला माणूस मी तरी आजवर पाहिला नाही. सवलत पाहिजे पण ते नाव नको, यातच सगळं आलं.

दुसरी बाजू पण सांगतो कारण आम्हालाही काही लोणी लावलेलं ताट मिळत नाही. एसटीसाठी ६ सप्टेंबर १९५० ही तारीख आहे, तिच्या आधीचा पुरावा म्हणजे सोनं. आता माझे आजोबा शाळेतच गेले नाहीत, पणजोबांचं तर सोडाच. शाळा आमच्याकडे आली तीच नंतर. म्हणजे ज्याचं घराणं शिकलेलं त्याच्याकडे कागद, आणि ज्याच्यासाठी ही सवलत काढली त्याच्याकडे काय तर वाघबारस, वाघोबाच्या पूजेचा सण. शेवटी माझं काम झालं ते आजोबांच्या थोरल्या बहिणीच्या मृत्यूच्या नोंदीवर, कोतवाल बुकात म्हणजे गावच्या जन्ममृत्यूच्या नोंदवहीत, वय वर्षं चार, ताप. त्या पोरीचं नाव घरात कुणाला माहीत नव्हतं. आजीला वाचून दाखवलं तर ती म्हणाली असेल बाई, सासूबाई कधी बोलल्या नाहीत.

तर चार वर्षांच्या, ताप येऊन गेलेल्या आज्जीच्या जिवावर मी नोकरी करतोय.

मोडीवाली
घोडनदी 🙏

मी मोडी वाचते, भारत इतिहास संशोधक मंडळाच्या वर्गात हौसेने शिकले होते, पेशवे दफ्तर वाचू वगैरे स्वप्नं होती आणि आता गेली काही वर्षं वाचते काय तर लोकांचे गाव नमुना १४ चे, म्हणजे त्याच जन्ममृत्यूच्या नोंदींचे उतारे. कुणबी नोंदी शोधायला २०२३ ला शिंदे समिती नेमली गेली तेव्हापासून तर मोडी वाचणाऱ्याला इतका भाव आलाय की माझी आई म्हणते इंजिनिअरिंगपेक्षा हेच केलं असतंस तर बरं.

एक उदाहरण देते (ओळख पटू नये म्हणून तपशील बदललेत). एक गृहस्थ लॅमिनेट केलेला उतारा घेऊन आले. पहिली गोष्ट, कृपा करून जुना कागद लॅमिनेट करू नका, शाई आणि कागद तपासता येत नाही आणि समितीसमोर उगाच संशय. मोडीत आधी ओळभर आडवी रेघ मारून घेतात आणि मग तिच्याखाली अक्षरं लोंबवत जातात, शब्द तोडत नाहीत, त्यामुळे नाव कुठे संपलं आणि जात कुठे सुरू झाली हे लिहिणाऱ्याच्या हाताची सवय कळल्याशिवाय सांगता येत नाही. त्या उताऱ्यात जातीच्या रकान्यात फक्त 'को' होतं आणि पुढे एक फराटा. गृहस्थांचं म्हणणं ते 'को म' आहे, म्हणजे कोळी महादेव. मी पूर्ण पान मागवा म्हटलं. पान आलं तर त्याच हाताने वर पाच ठिकाणी तोच फराटा होता आणि तो साध्या पूर्णविरामासारखा वापरलेला होता, 'मरा' पुढे पण आणि 'कुण' पुढे पण. मी जे आहे ते लिहून दिलं. ते फी न देता गेले.

उलट पण होतं हं. एका बाईंच्या पणजोबांची नोंद सगळ्यांनी 'मराठा' वाचली होती, तीन जणांनी, आणि मी वाचली तर ते जात नव्हे भाषेचं नाव होतं, रकानाच भाषेचा होता. देवनागरीत नक्कल करणाऱ्या कारकुनाने रकाने एक घर सरकवले होते. त्या बाईंनी ऑफिसातच रडायला सुरुवात केली.

कोथरूडी_मिसळ
हे मात्र इंटरेस्टिंग आहे. बाकी मत तेच.

सिंहगड_रोड_ट्रॅफिक
मला एक कळत नाही, प्रांताधिकाऱ्याने दाखला दिला ना मग समिती कशाला परत? एक सरकार दाखला देतं आणि दुसरं सरकार म्हणतं हा खोटा. आणि ते २०२४ मधलं पुण्यातल्या प्रशिक्षणार्थी अधिकारी बाईंचं प्रकरण पण हेच ना?

वकिली_कोट
ट्रॅफिकभाऊ, ते प्रकरण हे नव्हे. तिथे वाद नॉन क्रीमी लेयर आणि दिव्यांग प्रमाणपत्राचा होता, जात कुठली यावर वाद नव्हता. नॉन क्रीमी लेयर म्हणजे उत्पन्न आणि पालकांचा हुद्दा, व्हॅलिडिटी म्हणजे जात. दोन्ही गोष्टी लोक नेहमी एका पिशवीत घालतात.

आता तुमचा पहिला प्रश्न. आपल्या राज्याचा कायदा आहे, २००१ चा महाराष्ट्र अधिनियम २३, १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू. त्याच्या कलम ४ मध्येच लिहिलंय की सक्षम अधिकाऱ्याने दिलेला दाखला समितीच्या पडताळणीच्या अधीन राहूनच वैध. म्हणजे प्रांताचा दाखला हा एका अर्थी साखरपुडा, लग्न समितीत लागतं. कलम ८ प्रमाणे सिद्ध करायची जबाबदारी दावा करणाऱ्यावर, सरकारवर नाही. कलम १० प्रमाणे अवैध ठरला की त्यावर मिळालेले लाभ जातात, आणि कलम ११ मध्ये खोटा दाखला काढणाऱ्याला सहा महिने ते दोन वर्षं कैद किंवा २,००० ते २०,००० दंड किंवा दोन्ही. समितीच्या निर्णयावर अपील नाही, थेट हायकोर्टात रिट.

धागाकर्त्यांनी माधुरी पाटील केसचं नाव घेतलं नाही पण सगळ्याची गंगोत्री तीच, १९९४. दोन बहिणींचा वैद्यकीय शिक्षणाचा प्रवेश, महादेव कोळी की कोळी हाच वाद. तिथेच कोर्टाने दक्षता पथकाची पद्धत घालून दिली, मूळ गावी जाऊन चौकशी, शाळेचं रजिस्टर, आईवडिलांचे जबाब, देवदेवता, लग्नाच्या आणि मयताच्या चालीरीती. आणि त्याच निकालात आहे की चौकशी शक्यतो रोजच्या रोज चालवून दोन महिन्यांच्या आत संपवा. दोन महिने. तुमच्या पाकिटाचे एकोणीस वर्षं काढा आता त्यात.

मग इतकी वर्षं लोक टिकले कसे? तर दर काही वर्षांनी एक नवीन आशा. १५ जून १९९५ चा जीआर, त्याआधी लागलेल्यांना हात लावू नका. २००० साली मिलिंद केस, पाच न्यायमूर्तींचं घटनापीठ, हलबा-कोष्टी म्हणजे हलबा नव्हे असं स्पष्ट सांगितलं पण त्या विद्यार्थ्याची डॉक्टरकीची पदवी राहू दिली, आणि लोकांनी त्यातलं नेमकं दुसरं वाक्य पाठ केलं. मग हायकोर्टाच्या पूर्णपीठाचा सोनोने निकाल, नोकरीला संरक्षण. आणि मग ६ जुलै २०१७, एफसीआय विरुद्ध जगदीश बहिरा, सुप्रीम कोर्टाने सगळा दोर कापला, कितीही वर्षं नोकरी झाली असो आणि लबाडीचा हेतू असो नसो, दावा अवैध तर ती जागा तुमची नाही. सरकारने मग २१ डिसेंबर २०१९ च्या जीआरने अधिसंख्य पदं काढली, अकरा महिन्यांची, म्हणजे माणूस बाजूला काढून ठेवला आणि मूळ पद खऱ्या उमेदवाराला मोकळं. निदान कागदावर.

घोडनदी
कागदावर हे बरोबर लिहिलंत साहेब. आमच्याकडे मोर्च्यांत साडेबारा हजार पदांचा आकडा इतक्यांदा ऐकलाय की आता पोरं तो घोषणेच्या चालीवर म्हणतात. माणसं बाजूला काढली पण त्यांच्या जागांच्या जाहिराती कुठे आहेत? माझ्याकडे बीएड झालेली दोन पुतणी आहेत, दाखवा जाहिरात, उद्या फॉर्म भरतो.

हडपसर_ते_हिंजवडी
मी इथे फक्त वाचत असते. आज लिहितेय.

माझे बाबा अधिसंख्य. हा शब्द आमच्या घरात २०२० ला आला, त्याआधी मला वाटायचं गणितातला आहे. बाबा १९८८ ला लागले, आजोबांनी काढून दिलेल्या दाखल्यावर, आजोबांना तो त्यांच्या सोसायटीच्या सेक्रेटरीने काढून दिला होता. बाबांना स्वतःला खरंच वाटत होतं की आपण तेच. अजूनही वाटतं. घोडनदी दादा, तुमच्या जागेवर बसलो असं तुम्ही म्हणाल आणि मला त्याला उत्तर नाही, म्हणून उत्तर देत नाहीये.

दक्षता पथक घरी आलं तेव्हा मी बारावीला होते. दोघे जण होते, सौम्य बोलणारे, चहा पण घेतला. आत्याला विचारलं कुलदैवत कुठलं, लग्नात मुलीकडचे मुलाकडे जातात की उलटं, मेलेल्याला पुरतात की जाळतात, कुठलं धान्य पहिल्यांदा देवाला दाखवतात. आत्या हडपसरला वाढलेली, तिचं लग्न कार्यालयात झालं, केटरिंग होतं. ती म्हणाली खंडोबा. मग सावरून म्हणाली वाघोबा पण. ते पण कुणीतरी तिला आदल्या दिवशी सांगितलं होतं आणि त्या साहेबांनी दोन्ही लिहून घेतलं, एकाखाली एक. मला तेव्हाच कळलं.

पत्र आल्यावर बाबा आठवडाभर ऑफिसला तसेच गेले, डबा घेऊन. अकरा महिने झाले की एक दिवस घरी बसायचे, मग परत ऑर्डर. तो एक दिवस ते कपाट आवरायचे, दर वर्षी तेच कपाट. मी नंतर ओपनमधून परीक्षा दिल्या, आता आयटीत आहे. माझ्या दाखल्याचं काय करायचं कुणी विचारलं नाही आणि मीही तो कधी कुठे लावला नाही.

आस्थापना काका, ९२ साली पाकीट गेलं असतं तर, हे वाक्य तुम्ही लिहिलंत ना. बाबांच्या फायलीत पण असंच काहीतरी असणार. ८९ लाच नाही म्हणाले असते तर मी कदाचित वेगळ्या घरात जन्मले असते, भाड्याच्या, पण बाबा असे नसते.

पर्वती_पायथा
ताई, लिहिलंत ते फार बरं केलंत.

घोडनदी
हिंजवडी ताई, तुम्हाला मी काही म्हणणार नाही. तुमच्या बाबांनापण नाही. त्या सोसायटीच्या सेक्रेटरीला विचारायला आवडलं असतं.

आणि देवाच्या प्रश्नांबद्दल माझंही ऐका. माझी मुलगी पिंपरीत वाढतेय. तिला उद्या कुणी विचारलं वाघबारशीला काय करतात तर ती म्हणेल बाबा फोटो टाकतात. ती बोगस का? मी तिला दर वर्षी गावी नेतो ते देवासाठी कमी आणि पुढेमागे कुणी विचारलं तर सांगता यावं म्हणून जास्त, आणि याची मला लाज वाटते.

वकिली_कोट
यावर कोर्टाने बोललंय. आधी २०११ मध्ये आनंद विरुद्ध समिती या केसमध्ये आणि मग २४ मार्च २०२३ ला तीन न्यायमूर्तींच्या पीठाने ठाकूर जमातीच्या संघटनेच्या अपिलात अजून नीट, की ही चालीरीतींची परीक्षा, जिला आम्ही अॅफिनिटी टेस्ट म्हणतो, ती शेवटचा निकष नाही. शहरात गेलेल्या, शिकलेल्या माणसाच्या चालीरीती बदलतात. कागद भक्कम असतील तर तेवढ्यावरून नाकारू नका, आणि कागदांनी समितीचं समाधान होत असेल तर प्रत्येक केस दक्षता पथकाकडे पाठवायचीही गरज नाही. वडिलांकडच्या रक्ताच्या नातेवाईकाला व्हॅलिडिटी मिळालेली असेल तर तीही चालते पण ती रीतसर चौकशी होऊन मिळालेली पाहिजे. हा 'पण' महत्त्वाचा आहे, कारण पहिली व्हॅलिडिटी जर अशीच कुणाच्या कृपेने मिळाली असेल तर तिच्यावर पुढचे वीस चुलतभाऊ चढतात. मी अशी वंशावळ पाहिलीय जिच्यात एक पूर्ण फांदी नंतर कलम केलेली होती, दोन गावं, दोन आडनावं आणि मध्ये एक 'दत्तक' चा शेरा वेगळ्या पेनाने.

सिंहगड_रोड_ट्रॅफिक
म्हणजे शेवटी समिती म्हणेल ते. कोर्टात काय अर्थ मग.

वकिली_कोट
अर्थ आहे, पण कोर्ट समितीने पुरावा तोलला त्यात सहसा हात घालत नाही. नवनीत राणांच्या मोची दाखल्याचं आठवा, समितीने वैध ठरवला, हायकोर्टाने २०२१ ला रद्द केला, आणि एप्रिल २०२४ ला सुप्रीम कोर्टाने समितीचा निर्णय परत उभा केला. पटो न पटो, सगळी लढाई समितीसमोर लढायची असते. तिथे तुम्ही एक झेरॉक्स कमी दिली तर वर कुणी ती मागून घेणार नाही.

आस्थापना_टेबल
दोन दिवस नव्हतो, नातवाचं जावळ होतं. सगळं वाचलं. हिंजवडी ताई, तुमच्या बाबांना माझा नमस्कार सांगा, ओळख नसली तरी.

मला कुणीतरी व्यनित (खाजगी निरोपात) विचारलं की काका तुम्ही आता सांगताय, तेव्हा का नाही फाईल उघडली. खरं उत्तर असं की उघडली असती तर डबा एकटं खायला लागला असता. माझ्याआधीच्यानेही हेच केलं असणार. प्रस्ताव पाठवणं हे काम ऑफिसकडे, म्हणजे रोज त्याच माणसासमोर बसणाऱ्या सहकाऱ्याकडे ठेवलंय, आणि मग आपण आश्चर्य करतो की पाकिटं कपाटात का जातात. आता अर्ज ऑनलाइन झालेत, बार्टी या सरकारी संस्थेच्या साइटवर एससी, व्हीजेएनटी, ओबीसी वगैरेंचे भरता येतात, ते बरंय. त्या मंडणगड पॅटर्नबद्दल वाचलं असेल, कॉलेजात असतानाच विद्यार्थ्याचा दाखला आणि पडताळणी उरकून टाकायची. मला विचाराल तर तोच रस्ता. अकरावीच्या पोराला नाही म्हटलं तर ते रडेल, आईबाप भांडतील, आणि दुसऱ्या वर्षी ओपनमधून फॉर्म भरेल. रोस्टरच्या बिंदूवर तरी कुणी तीस वर्षं बसून राहणार नाही.

कोथरूडी_मिसळ
अकरावीची कल्पना चांगली आहे. सहमत. (हो, मीच लिहितोय.)

पर्वती_पायथा
स्क्रीनशॉट घेतला.

घोडनदी
सहमत पण एक अडचण. आमच्याकडच्या पोरांना अकरावीपर्यंत आश्रमशाळेचा नीट दाखला मिळाला तरी खूप. त्या वयात त्याला कोतवाल बुक कोण शोधून देणार? बाप ऊसतोडीला. म्हणजे लवकर तपासायचं तर शोधायचं कामही सरकारनेच थोडं अंगावर घ्यायला हवं. रेकॉर्ड तालुक्याच्या कचेरीतच आहे ना, त्यांच्याच कुलपात. मग त्यातलंच पान आम्ही त्यांनाच नेऊन दाखवायचं ही कुठली रीत?

मोडीवाली
+१००. गावाचं पूर्ण रजिस्टर एकदाच स्कॅन करून लावलं तर अर्धे एजंट घरी बसतील. माझाही धंदा बसेल, बसू दे.

पिंपरी_फास्ट
विषय भारी चाललाय पण मला एक प्रॅक्टिकल विचारायचंय. बायकोची ऑर्डर आलीय, ओबीसी, जिल्हा पुणे, तिचे सगळे कागद माहेरचे, खेड तालुक्यातले. व्हॅलिडिटी नव्हती काढली. सासरचे माझे कागद चालतील का? आणि १९६७ आधीचा पुरावा म्हणजे नेमकं काय लागतं? एजंट पन्नास हजार मागतोय.

वकिली_कोट
एजंटला एक रुपया देऊ नका. लग्नाने जात बदलत नाही, पुरावा तिच्या वडिलांकडचाच, तुमचे कागद शून्य कामाचे. ओबीसीसाठी तारीख १३ ऑक्टोबर १९६७, त्याआधीची वडील, आजोबा, चुलत आजोबा यांची शाळेची किंवा महसुली नोंद. लग्नाआधीचं आणि नंतरचं नाव एकच व्यक्ती हे दाखवायला विवाह नोंदणी किंवा राजपत्र जोडा.

पिंपरी_फास्ट
धन्यवाद साहेब. सासरे म्हणतात त्यांच्या वडिलांचं शाळेत नाव होतं पण शाळा जुनी, इमारत पाडून नवीन बांधलीय, रजिस्टर आहे की नाही माहीत नाही.

आस्थापना_टेबल
शाळेत जाऊन तोंडी विचारू नका, नाहीच म्हणतील. प्रवेश निर्गम रजिस्टरच्या उताऱ्यासाठी लेखी अर्ज द्या आणि पोच घ्या, रजिस्टर नसेल तर तसं लेखी मागा. आडनाव न लावता नुसतं नाव आणि बापाचं नाव अशा नोंदी असायच्या, तेव्हा आडनावावर शोधत बसू नका, गावाच्या नावावर बोट ठेवून खाली या. सोबत तहसीलला नमुना १४ साठी वेगळा अर्ज टाका, आजोबांच्या भावंडांची नावं आणि अंदाजे सालं लिहून न्या, दहा वर्षं मागेपुढे. सकाळी दहाला जा. रेकॉर्ड रूमचा माणूस एकदा जेवायला गेला की कधी येईल सांगता येत नाही. आणि बायकोच्या ऑफिसला प्रस्ताव गेल्याचा जावक क्रमांक मागून घ्या, दर महिन्याला जाऊन विचारा, टेबलवाला वैतागला तरी चालेल.

घोडनदी
काका, व्यनि केलाय. त्या प्रतीक्षा यादीतल्या गावाचं नाव फक्त सांगा, माणसाचं नको.

आस्थापना_टेबल
पाठवलं.